कान धरून वाजवलेली धून

बाबा, आधी एक गंभीर तक्रार. तुमच्या नातीच्या शाळेतल्या सभागृहाच्या एसीबद्दल. बाहेर अबू धाबी भाजून निघत होतं आणि आत आम्ही पालक कोल्ड स्टोरेजमधल्या सफरचंदांसारखे रांगेत, गप्प आणि गार. मी बायकोची ओढणी गळ्याभोवती गुंडाळून बसलो होतो. तुमचं बिंग फुटलं तेव्हा माझा अवतार हा असा होता.

शाळेच्या बँडने दक्षिण अमेरिकेवरची एक मोठी रचना बसवली होती. आधी अमेझॉनचं रान, मग स्पॅनिश जहाजं, तोफांचे ढोल, शेवटी पुन्हा रान. रान जागं होतं ते एकट्या क्लॅरिनेटवर. पोरगी उभी राहिली आणि तिने माझी धून वाजवली.

माझी म्हणजे, मी जन्मलो त्या दिवशी तुम्ही बांधलेली, पोलीस बँडमधून घरी येऊन, गणवेशही न उतरवता. हे तुम्हीच सांगता, माझ्या दर वाढदिवसाला. मग उजव्या कानाची पाळी धरता आणि क्लॅरिनेट ओठाला लावता. आई म्हणते, "इतकी वर्षं झाली, या माणसाचा तो एक डास काही मरत नाही." माझ्या वरातीतही तुम्ही सगळा बँड थांबवून ती एकट्याने वाजवलीत. मी रडलो होतो, बाबा. घोड्यावर.

अल रीमला घरी परतताना पोरीने गाडीत सगळं सांगितलं. तालमीत तिने सगळ्यांना सांगितलं होतं, ही माझ्या आजोबांची ट्यून आहे. सरांनी हसून छापील नोटेशन पुढे केलं. त्यावर संगीतकाराचं नाव, आणि साल तुम्ही बँडमध्ये भरती होण्याच्याही आधीचं.

"पप्पा, यू सेड ही मेड इट फॉर यू."

"मलाही तसंच सांगितलं होतं."

"सो ही लाइड."

सिग्नल हिरवा झाला, मी गाडी पुढे काढली.

उस्तादाचं नाव घेताना कान धरायचा, हे तुम्हीच मला शिकवलंत. तुम्ही दर वेळी कान धरलात आणि नाव गिळलंत. लुटायला आलेल्या त्या स्पॅनिश लोकांनी निदान आपली जहाजं तरी लपवली नव्हती.

आज सकाळी ती सरावाला बसली तेव्हा तिला थांबवून मी कागदावरचं ते नाव मोठ्याने वाचलं, अडखळत, बहुधा चुकीचंच, आणि कान धरला. काही न विचारता तिनेही धरला. तुमच्या वतीने एवढं फेडलं. खलास.

हे तुम्हाला पाठवणार नाही, फोनमध्येच राहील. फक्त एक सांगतो. सकाळी तिने वाजवायला घेतलं तेव्हा मला रान दिसलंच नाही. दारात गणवेशातले तुम्ही दिसलात, आणि सगळ्यात जास्त राग मला त्याचाच आला.