बाभळीवरच्या बाईचा आवाज

१४ डिसेंबर, बीड

झालं एकदाचं! निर्माता रविराज फोनवर सारखा बोंबलत होता — "पिक्चर भुताचा हाय बे, अन् भूतच मुकं!" बाभळीवरची बाई हाळी घालते आणि माणसं ओढल्यासारखी तिच्याकडे जातात, असा सीन. माझ्या कीबोर्डात तसली हाळी कुठून येणार? शेवटी मोबाईलमधली माझ्या आबाची घेतली. दिवाळीत गावी गेलो तेव्हा तो मेंढरं वळवत होता, सहज रेकॉर्ड केली होती. सूर जरा वर चढवला, घुमवला. बाई तयार!

"काटा आला बे अंगावर! कोण हाय ही?" — रविराज.

म्हटलं, कोल्हापूरकडची एक गायिका.

बापाची बाई केली, वर भूत केलं.

१५ डिसेंबर

पिक्चरच्या पाटीवर नेहमीप्रमाणे माझं टोपणनाव, 'संगीत – राज आर्यन'. गावात वाटतं मी भजनं बसवतो. आबा तर पारावर सांगतो, "आमचा रामेश्वर देवाचं वाजवितो." आजवर एकाही देवाचं वाजवलं नाही. हडळी, खवीस, मुंजे — सगळ्यांचं वाजवून झालं!

३ फेब्रुवारी

आबाला लकवा. उजवी बाजू गेली, वाचाही गेली. भाऊ सुग्रीव फोनवर नुसता रडत होता. आणि मला आधी काय आठवावं? ती हाळी. आता ती भुताकडेच राहिली.

१ मार्च, गावी (शिरूरजवळ)

मेंढरं कोंडायच्या जाळीशेजारी आबाची बाज टाकलीय. दिवसभर त्यांच्याकडे बघत पडून असतो. ती सुग्रीवला जुमानत नाहीत. "मी घसा फोडतो अन् ही आभाळाकडं बघत्यात!" शेवटी विकायचं ठरलं. सोमवारी व्यापारी येणार. ऐकलं आणि आबानं पांघरूण तोंडावर ओढून घेतलं.

पिक्चर यूट्यूबवर आलाय. गावातली पोरं त्या आवाजानं एकमेकांना घाबरवतात. आबाच्या कानावर पडला नाही म्हणजे मिळवली. कान शाबूत आहेत त्याचे.

२ मार्च

पडला! सुग्रीवनंच तो रिंगटोन ठेवलाय — घरचा आवाज, आणि त्याला ओळखू येऊ नये! दुपारी फोन वाजला आणि ओढ्याकडची सगळी मेंढरं पळत आली, थेट आबाच्या बाजेपाशी. माणसं फसली, मेंढरं नाही फसली.

"आयला, भुताचं ऐकत्यात, माझं न्हाई!" सुग्रीव हसायला लागला.

आबा हसला नाही. माझ्याकडं बघत होता. मी चप्पल शोधायला लागलो. पायातच होती.

३ मार्च

सुग्रीवला सगळं सांगितलं. शिवी घालेल वाटलं. एवढंच म्हणाला, "आबाला तूच सांग."

दोनदा बाजेपाशी जाऊन आलो. पाणी हवं का, एवढंच विचारलं. जीभ त्याची गेलीय, की माझी?

४ मार्च, सोमवार

व्यापारी आला. आबानं डाव्या हातानं खुणावून सुग्रीवचा मोबाईल मागितला, मांडीवर ठेवला, वाजवायला लावला. मेंढरं आली. सगळी!

"कुणाचा हाय हो ह्यो आवाज?" व्यापाऱ्यानं विचारलं.

मी मान खाली घातली. सुग्रीव व्यापाऱ्याला म्हणाला, "न्हाई इकायची, आता ही मोबाईलवर येत्यात." थोड्या वेळानं व्यापाऱ्याची गाडी रिकामीच परत गेली.

५ मार्च

सुग्रीवनं आज सांगितलं. व्यापाऱ्यानं विचारल्यावर आबानं स्वतःची छाती थोपटली. मग तोच हात माझ्याकडं केला, आणि हसला म्हणे. अर्ध्याच तोंडानं, पण लई हसला.

मला दिसलं नाही.