हरणाच्या शिंगाची घोडी

पामर्स्टन नॉर्थ
३ मार्च २०२५

ती. कलावतीआत्यास,
धम्मदीनाचा सप्रेम जयभीम वि. वि.

फोनवर तुला ऐकू येत नाही आणि व्हिडिओवर तू मी किती बारीक झाले तेवढंच बघतेस, म्हणून पत्र. शिवाय हे तोंडाने सांगायचं धाडस नाही.

नऊ वर्षं मी ज्यांच्याकडे सतार शिकते ते मोतलेब उस्ताद बांगलादेशातल्या कुमिल्ल्याचे. एकाहत्तरच्या युद्धात, विशीत असताना, सतार घरीच टाकून ते पायी आगरतळ्याला निघाले. बरोबर घेतली फक्त घोडी, तारा जिच्यावर टेकतात ती शिंगाची पट्टी. गुरूंनी दिलेली, म्हणून रुमालात बांधून नेली. पुढे ढाक्याला रेडिओवर वीस वर्षं वाजवलं. मग मुलीपाठोपाठ इथे न्यूझीलंडला येऊन दिवसा सफरचंदं पॅक केली आणि संध्याकाळी आम्हाला शिकवलं. सतारी तीन झाल्या, घोडी तीच.

२९ तारखेला कम्युनिटी हॉलमध्ये त्यांचा शेवटचा कार्यक्रम आहे. हात कापतात, म्हणून तारा बदलायला त्यांनी सतार माझ्याकडे दिली. तारा काढल्यावर घोडी सुटी झाली, आणि ती तुझ्या लाडक्या जावयाच्या, सुशीलच्या नजरेस पडली. तारांचे चरे म्हणजे त्याला खराबी वाटली. वर्कशॉपमध्ये नेऊन त्याने ती मशीनवर अगदी सपाट केली आणि स्वीट अ‍ॅज, म्हणजे इथल्या भाषेत एकदम झकास, म्हणत माझ्या हातात ठेवली. सतारीचं गुंजन, म्हणजे जवारी, घोडीच्या किंचित उतारातच असतं. आता सतार मुकी आहे.

अन्न जात नाही. ऑनलाइन दुसरी मागवून गुपचूप बसवू का?

तुझ्या उत्तराकडे डोळे लावून बसलेली,
धम्मदीना

अप्पर हट
८ मार्च २०२५

चि. धम्मदीनास,
अनेक आशीर्वाद.

सुशील जावई म्हणून लाखात एक, पण त्याच्या हाताला सतत काहीतरी घासायला लागतं. गेल्या ख्रिसमसला त्याने माझा पाटा असाच गुळगुळीत करून दिला. एवढ्या लांब सामानातून आणलेला पाटा, त्यावर आता चटणी नुसती घसरते. तुला वाईट वाटेल म्हणून बोलले नव्हते.

दुसरी घोडी बसवायचं डोक्यातून काढ. ज्याने ती रुमालात बांधून सीमा ओलांडली, त्याला पहिल्या तारेला कळेल. जा, सांग, बोलणी खा. सुशीलला बरोबर ने, पण हत्यारं घरी ठेवायला सांग.

तुझी काळजी करणारी आणि ते कबूल न करणारी,
आत्या

पामर्स्टन नॉर्थ
२० मार्च २०२५

ती. आत्यास, सप्रेम जयभीम.

गेलो, सांगितलं. उस्तादांनी एक तार छेडली आणि सतार खाली ठेवली. मग म्हणाले, माझी पन्नास वर्षांची बडबड या पोराने एका दुपारी बंद केली. सुशील तिथेच रडला. माझा त्याच्यावरचा राग तेव्हा गेला.

उस्तादांनी कपाटातून कानस काढून माझ्यापुढे ठेवली. मी घासायचं, त्यांनी ऐकायचं. रोज लॅब सुटली की जाते. थोडं घासते, तारा चढवते, ते शेजारच्या खोलीतून नाही म्हणतात, की पुन्हा तारा उतरवते. शिंग थोडंच उरलंय. जरा जास्त घासलं तर संपलंच.

काल ते नाही म्हणाले नाहीत. बाहेर आले आणि म्हणाले, आवाज चांगला आहे, पण माझा नाही. ज्याच्या हाताने जवारी निघते, आवाज त्याचा. २९ला तूच वाजवायला बस. मी नको नको म्हणत होते, तर ते चहा टाकायला निघून गेले. आत्या, लोक त्यांना ऐकायला येणार आहेत. मला पळून जावंसं वाटतंय. तुझ्या लेकाला, मैत्रेयला गाडी काढायला लाव आणि ये.

तुझी,
धम्मदीना

अप्पर हट
३१ मार्च २०२५

चि. धम्मदीनास, अनेक आशीर्वाद.

हॉलमध्ये तुझ्याभोवती इतकी माणसं होती की बोलणं झालंच नाही. पाटा मैत्रेयबरोबर पाठवतेय. सुशीलला छिन्नीने टाकी लावून द्यायला सांग. खरखरीत असण्याचा उपयोग आता त्याला कळला असेल.

खरं सांगते, मला निम्मं ऐकूच आलं नाही. म्हणून मी शेजारी बसलेल्या उस्तादांकडे बघत होते. डावा हात त्यांनी गुडघ्यावर ठेवला होता. तू वाजवत होतीस आणि त्यांची बोटं तुझ्या आधी त्या त्या जागी जात होती. कापत होती, पण जात होती. अर्ध्या तासाने ती थांबली. मला वाटलं, तू चुकलीस. वर पाहिलं तर तू तुझ्याच वाटेने पुढे चालली होतीस. उस्तादांनी हात उचलून मांडीत ठेवला, आणि मग तेही आम्हा सगळ्यांसारखे नुसते ऐकत बसले.

पत्राला उशीर झाला तरी चालेल, माया कमी झालेली चालणार नाही.

तुझी,
आत्या