उजव्या हाताचं गुपित

३ मार्च

गुडघेबुवा, बरे आहात ना? — कुरकुर आहेच, पण जिना चढलात, शाबास. डोळ्यांनो, तुम्ही? — भिंग आहे तोवर आहोत म्हणतात. पोटा, तुझं कसं? — त्याची कधी तक्रार नसते, निर्लज्ज आहे. आणि उजव्या हाता, तू रे?

गप्प!

काल चावी घासताना कानस निसटली. चाळीस वर्षं कुलपं दुरुस्त करतोय. कुणी शिकवलं नाही, खोलून-खोलून शिकलो. आणि काल साधी कपाटाची चावी वाया घालवली. गिऱ्हाइकाला सांगितलं, पितळच हलकं निघालं. धडधडीत खोटं!

मुलाला कळता कामा नये. तो परगावी दातांचा डॉक्टर. लगेच म्हणेल, बाबा, शटर ओढा आणि इकडे या. दुकान सोडून मी काय त्याच्या खिडकीत कुंडीसारखा बसू?

४ मार्च

काल दुपारी कॉम्प्युटरला हळूच विचारलं होतं — उजवा हात थरथरतो, कारण काय? झालं! आज पडद्यावर जिकडे बघावं तिकडे तेलं, काठ्या, आरामखुर्च्यांच्या जाहिराती. बातमी वाचायला जावं तर कोपऱ्यात कुणी म्हातारा दात दाखवतोय. अरे मेल्यांनो, कानात सांगितलेलं असं दवंडी पिटून सांगतात का?

संध्याकाळी मुलाचा फोन. इकडचं तिकडचं झालं आणि मग हळूच — "बाबा, हात वगैरे ठीक ना?"

हात! गुडघा नाही, कंबर नाही — नेमका हात! घरातल्या या डब्याने चहाडी केली, दुसरं काय.

६ मार्च

शेजारच्या झेरॉक्सवाल्याला गाठलं. सगळं येतं असा तोरा, म्हणून मी त्याला पंडित म्हणतो.

"काका, ब्राउझरमध्ये प्रॉक्सीचं एक्स्टेन्शन टाका. तुमचं मागणं आधी दुसऱ्या यंत्राकडे जातं, ते तुमच्या वतीने पान आणून देतं. समोरच्याला तुमचा पत्ता दिसतच नाही."

"आणि त्या मधल्याला?"

"त्याला दिसतो."

"मग त्याच्यावर लक्ष कोण ठेवतं?"

"काका, तुम्ही फार विचार करता बुवा!"

न करणाऱ्यांच्या जिवावर तर माझं दुकान चाललं!

८ मार्च

पंडिताने सुचवलेलं फुकटचं एक्स्टेन्शन बघितलं. बारीक अक्षरं भिंगाखाली धरली. 'सर्व वेबसाइटवरील तुमचा सर्व डेटा वाचण्याची व बदलण्याची परवानगी.' वा रे वा! फुकटचा राखणदार, आणि कामावर यायच्या आधीच तिजोरीसकट घर मागतोय! आणि लोक खुशाल 'मान्य' दाबतात म्हणे. दाबा! तुमच्या दाराला कुलूप लावायला मला बोलवू नका म्हणजे झालं.

९ मार्च

दिवसभर वाचून दुसरं निवडलं. नोंदी ठेवत नाही असं लिहून देणारं. सर्व्हरचा पत्ता भरला, पोर्टचा आकडा भरला. चारच अंक, पण तीनदा चुकले — बोट एका जागी दोनदा पडतं. साठलेल्या कुकीज झाडल्या. बटण हिरवं झालं!

आता जाहिरातवाल्यांच्या मते मी कुठल्याशा बर्फाळ मुलखात राहतो. लोकरीचे बूट दाखवतायत. विका लेको, विका!

१२ मार्च

मुलाचा फोन, सकाळी-सकाळी, भडकलेला.

"बाबा, प्रॉक्सी तुम्ही टाकलंत? दवाखान्यातल्या कॉम्प्युटरवर आलंय ते! एक्स-रे उघडेनात, म्हणे अनोळखी ठिकाण. पेशंट खुर्चीत आ वासून बसलाय!"

माझं तिकडे कसं गेलं? तर म्हणे हा ब्राउझर त्यानेच दोन वर्षांपूर्वी स्वतःच्या खात्याने सुरू करून दिलेला. इथे टाकलं की तिथे उगवतं. आणि इथे शोधलं की तेही तिथे दिसतं!

म्हणजे मी पुढच्या दाराला नवं कुलूप ठोकत बसलो, आणि दुसरी चावी पहिल्या दिवसापासून चिरंजीवांच्या खिशात. दिव्याखाली अंधार! कुलूपवाला म्हणे!

"दोन वर्षं बापाचं वाचत बसलास?"

"बाबा, शपथ, मी एकदाही उघडून बघितलं नाही."

"मग हाताचं कसं विचारलंस रे, चोरा?"

उत्तर ऐकायला थांबतो कोण! मी फोन आपटला. बापावर पाळत! दाताच्या भोकात डोकावायची सवय, ती घरापर्यंत आणली.

१३ मार्च

त्याच्या खात्यातून बाहेर पडायचं ठरवलं. त्याआधी शोधलेलं सगळं पुसावं म्हणून इतिहास उघडला. माझी ओळ सापडली, ३ मार्चची.

खाली सरकत गेलो. जानेवारी. मी न लिहिलेल्या ओळी.

'चाळिशीत हात थरथरणे.'

'हाताचा कंप वडिलांकडून येतो का.'

'दंतवैद्य, हाताला कंप, काम थांबवावे लागते का.'

लागोपाठ सात दिवस. रोज.

त्याने माझं वाचलं नव्हतं. मी त्याचं वाचलं.

१४ मार्च

काही पुसलं नाही. प्रॉक्सी काढून टाकलं. मग मुलाला लिहिलं, एक-एक अक्षर दोनदा पडलेलं खोडत — "बाळा, माझा उजवा हात थरथरतो. कधीपासून ते सगळं सांगतो, तुझ्या डॉक्टरला उपयोगी पडेल. तुझा कुठला हात रे? लवकर कळव."