डाव्या अंगाचा मणका

आप्पा, माझी कंबर धरली आहे. चार महिने झाले. तुमची दुखायची तिथंच, डाव्या अंगाला, करदोडा असतो त्याच्या चार बोटं खाली. सकाळी पँट चढवायला वाकता येत नाही, म्हणून मी पाठ भिंतीला टेकवून उभ्यानंच एकेक पाय घालतो. तुम्ही लेंगा असाच घालायचा. आई चुलीपुढून म्हणायची, "लेंगा घालाया बी भिताड लागतंय ह्यास्नी," आणि आम्ही हसायचो. सगळ्यात जास्त मी हसायचो.

सध्या मी मोरबीला असतो, गुजरातेत. टाइलच्या गोडाऊनला खोकी चढवतो, उतरवतो. त्याआधी रांजणगावची एक कंपनी झाली, हायवेचं हॉटेल झालं, वर्षभर ट्रकवर क्लीनर होतो. कुठं जीव रमला नाही. आठवीपर्यंतच्या शाळेत पत्र लिहायला शिकवलं होतं, पण ते रजेच्या अर्जाचं. हे कसं लिहायचं ते मला ठाऊक नाही, आठवेल तसं लिहितो. तुम्हाला जाऊन दहा वर्षं झाली आणि एवढ्या दिवसांत मी कुणाजवळ तुमच्या कंबरेचं नाव काढलेलं नाही.

मी पायाळू. आईच्या पोटातून आधी माझे पाय बाहेर आले, डोकं मागनं. त्यामुळं कवठ्याला आपल्या वस्तीवर माझ्या डाव्या पायाला भलता मान. कुणाच्या पाठीत उसण भरली, कंबरेत लचक भरली की तो माणूस आपल्या ओट्यावर येऊन पालथा पडणार, मी त्याच्या दुखऱ्या जागी तीनदा टाच लावणार, आणि त्यानं उठून, न बोलता, मागं न बघता निघून जायचं. मेंढरं घेऊन लांब गेलेले चुलते परत आले की चहाच्या आधी पालथे पडायचे. दोन दिवसांनी तीच माणसं अंडी नाहीतर मक्याची कणसं घेऊन यायची, म्हणायची, "पोराच्या पायात गुण हाय बरं का." सगळ्यांना गुण यायचा. तुम्हालाच तेवढा यायचा नाही. तरी वरवंडच्या बाजारातून तुम्ही मला बूट आणले होते. सगळं घर अनवाणी, आणि मला बूट. आई म्हणाली, "ह्यो काय साहेब लागून गेलाय व्हय?" तुम्ही म्हणालात, "त्याच्या पायात काटा मोडला तर माझ्या कंबरंचं काय व्हायचं?"

तुम्हाला गुण का येत नाही, यावर वस्तीनं डोकं लावलं होतं. आत्या म्हणाली, बापाच्या अंगाला लेकाचा पाय, कसा गुण यावा, उलट पाप लागायचं. मग आईनं त्यावर तोड काढली. मी आधी तुमच्या पाया पडायचं, मग टाच लावायची, मग परत पाया पडायचं. तुम्ही पालथे, तोंड घोंगडीत, आणि आतून म्हणायचा, "हळू रं." तीनदा झालं की उठून बसायचा, थोडा वेळ जमिनीकडं बघायचा आणि म्हणायचा, "बरं वाटलं." दर वेळी तेच. मला ते खरं वाटायचं. खरं होतं का, ते आता कुणाला विचारू?

शाळा सुटल्यावर मी तुमच्याबरोबर पाटसला आलो, कारखान्यावर, साखरेच्या गोडाऊनला. पोती पाठीवर घ्यायची, फळीवरून चढून ट्रकात थप्पी लावायची. खोलीत बाकीचे गडी स्टोव्ह जमिनीवर मांडून, उकिडवे बसून भाकरी थापायचे. तुम्ही विटांवर विटा रचून स्टोव्ह उंच केला होता आणि उभ्यानं भाकरी करायचा. टोळीतले म्हणायचे, "आप्पाचं किचन बघा, बंगलेवाल्याचं हाय." तुम्ही हसायचा आणि भाकरी उलटायचा. मला मात्र तोंड लपवावंसं वाटायचं. सतरा वर्षांचा होतो. माझी पाठ तेव्हा लोखंडाची होती.

तो दिवस मला लिहायचाच आहे. दुपारची वेळ आहे. ट्रक लागलेला आहे. तुम्ही पाठीवर पोतं घेऊन फळीच्या अर्ध्यात थांबला आहात, वरही जाईना आणि खालीही येईना. मागं आमची रांग थटली आहे. मुकादम खालून ओरडतो, "ओ आप्पा, पोतं हाय का लेकरू? निजवताय व्हय त्याला?" सगळे हसतात. मागचा एक गडी म्हणतो, "अंगाई म्हना की आप्पा!" मग मुकादम माझ्याकडं बघतो. "ए, बापाच्या खेपा तू मार. न्हाईतर त्याला गावाकडं, शिरूरच्या गाडीत बसवून दे." मी तुमच्या पाठीवरचं पोतं माझ्या पाठीवर घेतलं. त्या दिवशी संध्याकाळपर्यंत मी तुमच्या खेपा मारल्या. मुकादमाचा राग आला नाही, हसणाऱ्यांचा आला नाही. तुमचा आला.

ट्रक भरला तेव्हा तुम्ही बारदानाच्या ढिगावर पालथे पडला होता. मला बघून म्हणालात, "पाय दे रं जरा."

"हितं? समद्यांच्या म्होरं?"

"दे बाबा. लई धरलीया."

मी तुमच्या पाया पडलो नाही. टाच ठेवली आणि सगळं अंग तिच्यावर टाकलं. तीनदा नाही, एकदाच. वर म्हणालो, "उठा आता. पुरं झालं ढोंग." हाडाचा कट्कन आवाज आला का? कधी वाटतं आला होता, कधी वाटतं मीच नंतर मनात घातला. तुम्ही 'हळू' म्हणाला नाहीत. बऱ्याच वेळानं ट्रकची साखळी धरून उठलात, अंगावरचे सुतळीचे धागे झटकले आणि माझ्याकडं न बघता म्हणालात, "बरं वाटलं."

त्यानंतर तुम्ही कधी माझा पाय मागितला नाही. पुढच्या सीझनला आला नाहीत. घरी चालताना एका अंगाला कलायला लागलात. आधीही थोडे कलायचा, असं आई म्हणते. मला आधीचं आठवत नाही. शिरूरला दाखवू, दौंडला दाखवू, असं आमचं बोलणं चाललं होतं, तेवढ्यात कावीळ आली आणि तुम्हाला घेऊन गेली. माणूस काविळीनं गेला म्हटल्यावर कंबरेचं कोण काढतंय? मीही काढलं नाही. मला ते सोयीचंच पडलं.

आता इथलं सांगतो. गेल्या महिन्यात खोकं उचलताना मी वाकलो तो तसाच राहिलो. बरोबरची बिहारची पोरं आधी हसली, मग उचलून दवाखान्यात घेऊन गेली. डॉक्टरांनी एक्स-रे काढला आणि उजेडाला धरून पेनानं दाखवला. कंबरेचा शेवटचा मणका डाव्या अंगाला पंख्यासारखा पसरून खालच्या हाडाला चिकटलेला. उजव्या अंगाला मोकळा. म्हणाले, "ये जनम से है. पेट में ही जुड़ा हुआ." मला आपल्या दाराचं कवाड आठवलं, एक बिजागरी गंजून बसलेली आणि दुसरी फिरायला बघणारी. उघडताना सगळा ताण भलतीकडंच. मी म्हणालो, मग इतकी वर्षं दुखलं का नाही? ते म्हणाले, पुष्कळांना असतं, त्यांना मरेपर्यंत पत्ता लागत नाही. काहींचं ओझ्यानं दुखायला लागतं. आणि तुझं ह्याच्यामुळंच दुखतंय असंही पक्कं सांगता येत नाही. म्हणजे हाड दिसतंय, दुखणं दिसत नाही. व्यायाम सांगितला, गोळ्या दिल्या, फरक पडला नाही तर इंजेक्शन बघू म्हणाले. वजन उचलायचं नाही. मला दुसरं काय येतं?

मग मी त्यांना विचारलं, "साहब, ऐसी हड्डी पे कोई जोर से पैर रख दे, तो?"

"कौन, मालिशवाला?"

"हां, वैसाच."

"दर्द बढ़ भी सकता है, कुछ ना भी हो. देखे बिना मैं कैसे बोलूं?"

देखे बिना. तुमचं आता काय दाखवू, आप्पा? तुमच्या कंबरेत असंच हाड होतं का, मला माहीत नाही. असेल तर ते दुखणं खरं होतं, आणि पोतं घेऊन फळीवर चढणं म्हणजे काय, ते तुम्हालाच ठाऊक. नसेल, तर मग दुसरं काही होतं, तेही खरंच होतं. कसंही फिरवलं तरी माझी टाच तिथंच येते. मी मोडलं का काही? हे सांगणारं माणूस जगात नाही. एक होतं, त्यानं "बरं वाटलं" म्हणून विषय मिटवला.

आईला हे पाठवलं तर वाचून दाखवायला शेजारचं कुणीतरी येईल, आणि तिच्यासमोर हे सगळं मोठ्यानं वाचलं जाईल. म्हणून पाठवत नाही. पाठवायचं तरी कुठं?

निघताना डॉक्टरांनी विचारलं, "घर में किसी को ये तकलीफ थी? पिताजी को?" साधा प्रश्न होता. हो म्हटलं असतं तर त्यांनी पुढं विचारलं असतं, इलाज काय केला. मी म्हणालो, "नहीं साहब. पिताजी की कमर एकदम अच्छी थी." त्यांनी केसपेपरवर तसंच लिहून घेतलं. तेवढी ओळ बदलून घ्यावी म्हणून मी दोनदा त्या दवाखान्याच्या दारापर्यंत जाऊन आलो. आत गेलो नाही.