आधी ‘तू’ कोण म्हणणार?

बुडापेस्ट, १२ नोव्हेंबर १९३६

ती. स्व. योलानताईस,

धाकट्या शारोल्ताचा शिरसाष्टांग नमस्कार. (चष्मा पुसू नकोस, बरोबरच वाचलंस. तू माझ्यापेक्षा सहा वर्षांनी लहान आहेस हे मला पक्कं ठाऊक आहे, तुझा पाळणा मीच हलवलाय. पण आजपासून तू मोठी. कारण पुढे येईलच.) तुझी कंबर कशी आहे? तुझ्या एडनरावांचा खोकला गेला का? स्वतःच्याच दुकानातलं औषध ते घेत नाहीत, यावरून गिऱ्हाइकांनी काय ते समजावं. तू पाठवलेली माकोच्या कांद्यांची माळ पोचली. चित्रीकरणात रडण्याचा प्रसंग असला की त्यातला एक पर्समध्ये घालून नेते.

तुला माहीतच आहे, गेली तेरा वर्षं मी एकतीस वर्षांची आहे. सिनेमा मुका होता तेव्हाही एकतीस, बोलायला लागला तेव्हाही एकतीस. आपल्याकडे थाट नावाच्या सणाचा, म्हणजे आपलं नाव ज्या संताचं त्याच्या दिवसाचा; वाढदिवसाची चौकशी फारशी कोणी करत नाही, म्हणून हे बिनबोभाट चाललं. आता मध्येच ही वादाश अरांका उपटली. (ही म्हणते मी तीस. मानेला सदानकदा रुमाल. मान काय म्हणते ते कोणी ऐकलेलं नाही.) चालू सिनेमात आम्ही दोघी जिवलग मैत्रिणी आहोत आणि त्यातच सगळा घोळ झालाय.

आपल्यात ‘मला तू म्हण’ हे आधी कोणी म्हणायचं? मोठीने. तिने ग्लास पुढे करायचा, हातात हात अडकवून प्यायचं, गालाचा मुका घ्यायचा. धाकटीने पुढाकार घेतला तर उद्धट. मग तूच सांग, मी आधी तोंड उघडलं की मी मोठी ठरले ना? तीही याच हिशेबात. म्हणून चार महिने आमचं अहो-जाहो चाललंय. कॅमेऱ्यापुढे ती मला मिठी मारून ‘राणी, तू रडू नकोस गं’ म्हणते, आणि दिवे विझले की, ‘आपण माझ्या झग्यावर उभ्या आहात.’ मी म्हणते, ‘अस्सं? आपला झगा पसरतोच फार, बाई.’ दिवेवाले पैजा लावून बसलेत.

काल आमच्या निर्मात्यांचा, मार्तोनसाहेबांचा, नावाचा सण. हंसाची तंगडी, नवी वाइन, सगळं साग्रसंगीत. हा माणूस महाबिलंदर. ग्लास उचलून म्हणाला, ‘बायांनो, आज तुमचं अहो-जाहो मिटवा. मोठी असेल तिने पुढे या. पुढच्या सिनेमात धाकटी नायिका, मोठी नायिकेची मावशी.’ अरांका छताकडे बघत होती, मी स्वतःच्या हातमोज्यांची बटणं मोजत होते. हंस गार झाला. शेवटी साहेबांनी चर्चच्या नोंदवहीतला जन्माचा दाखला मागितला. मी बोलून गेले की आमची नोंदवही मारोश नदीच्या पुरात वाहून गेली, पण थोरली बहीण माकोला आहे, तिला विचारा, ती अडतीसची आहे. (तुझं वय मी खरंच सांगितलं, याची नोंद घे.) सोमवारी त्यांचा सेक्रेटरी तुझ्याकडे येतोय.

योलान, थट्टा बाजूला. मला भीती वाटते गं. एकदा मावशी केली की त्या बाईला पुन्हा कोणी नायिका करत नाही, थेट आजीच करतात, आणि मग तसबिरीत टांगतात. मला दुसरं काही येत नाही. तेव्हा सेक्रेटरीसमोर मला ‘आमची धाकटी’ म्हण, जरा रागावून म्हण, म्हणजे पटेल. मी तुला कडेवर घेतलेला फोटो भिंतीवरून काढ.

तुझी आज्ञाधारक
शारोल्ता

ता. क. एडनरावांना खोटं बोलता येत नाही. सोमवारी त्यांना मासे धरायला पाठव.

ता. क. २ (शुक्रवार). पत्र टाकायला निघाले आणि स्टुडिओतून बोलावणं आलं. सगळ्यांसमोर अरांका ग्लास घेऊन पुढे झाली. ‘शारोल्ता, मी मोठी. बेचाळीस. मला तू म्हण.’ आणि चटचट दोन्ही गालांचे मुके घेतले. मला इतका आनंद झाला की मीही तिला घट्ट धरलं. घरी येऊन पुढच्या सिनेमाची पटकथा पहिल्यांदाच पूर्ण वाचली. नायिका तीनदा बालातोन तलावात उडी मारते. चित्रीकरण डिसेंबरात, पाणी गोठायच्या आत. मावशी पहिल्यापासून शेवटपर्यंत शेगडीपाशी बसून केक खाते, हशे सगळे तिला, आणि शेवटी कर्नलशी लग्नही तीच करते. अरांका मेली आधीच वाचून बसली होती.

ता. क. ३. सेक्रेटरीला खरं खरं सांग. मी चव्वेचाळीस, म्हणजे अरांकाहून मोठी, म्हणजे मावशी मीच. फोटो काढू नकोस, उलट त्याच्या हातात दे. एडनरावांना घरीच ठेव. विश्वास बसत नसेल तर सेहेचाळीस सांग. फक्त हळू बोल, शेजारच्या पोस्टमास्तरीणबाईंना मी एकोणतीस सांगितलंय.