खाली म्हणजे कोणतं

गुरुजी, तुम्ही गेलात तेव्हा मी रायपूरच्या गुढ़ियारीत लग्नाच्या बँडमध्ये कॅसिओ वाजवत होतो. पुढे मी सिनेमाला आणि टीव्हीला संगीत देऊ लागलो, हे तुम्हाला माहीत नाही. फार मोठं काही नाही. छत्तीसगढ़ी फिल्मा, काही मालिका. गाणी दुसऱ्यांची, माणसं गप्प असताना त्यांच्या मागे जे वाजतं, ते माझं.

ब्राह्मणपाऱ्यातल्या तुमच्या स्वयंपाकघरात शिकवणी चालायची, कारण पुढच्या खोलीत भाडेकरू. काकू भाजी निवडतायत, तुम्ही भिंतीला टेकलेले, आणि मी पेटीवर वरच्या सुरांत धावतोय. ‘काहून उडून राहिला बे? खाली ये.’ काकू मान वर न करता म्हणतात, ‘हळूहळू येऊ द्या न त्याले, नाही तं पडन.’ आठवी नापास पोराला राग कळत नव्हते. खाली कळायचं. डावीकडचे जाड सूर, भाता हळू.

पहिल्या फिल्ममध्ये एक आई डबा भरते. मुलगा सिलतऱ्याच्या कारखान्यातून परत येणार नाही, हे तिला अजून कळलेलं नाही. डायरेक्टर हिंदीवाला. म्हणाला, ‘दादा, यहाँ खाली रखना.’ हिंदीत खाली म्हणजे रिकामं, हे रायपुरात शेंबड्या पोरालाही ठाऊक. पण समोर पेटी असली की तो शब्द मला तुमच्या तोंडून ऐकू येतो. मी डावीकडचा एकच सूर धरला आणि डब्याचं झाकण लागेपर्यंत सोडला नाही. डायरेक्टरनं तो तुकडा पुन्हा चालवून पाहिला. मग म्हणाला, ‘मैंने तो कुछ माँगा ही नहीं था. चलो, रहने दो.’ तोच सूर लोकांना लागला. नंतर जो तो त्यासाठीच बोलवायचा, ‘दादा, वो आपका नीचे वाला.’ त्यावर घर चाललं.

परवा नात मोबाईल घेऊन आली. ‘आजोबा, ये भी आपका ही काम करता है. स्वीडन में.’ पांढऱ्या दाढीचा माणूस, सगळी हयात सिनेमा आणि टीव्हीच्या संगीतात गेलेली. काय म्हणतो, विचारलं. ‘बोल रहा है, पहले देखता हूँ कहाँ नहीं बजाना है.’ मी म्हटलं, तिकडे वीज महाग असेल. ती हसली. मला मात्र तेव्हापासून जेवण जात नाही. जे प्रसंग रिकामे राहायला हवे होते, ते मी भरत गेलो. सगळं काम एका चुकीच्या ऐकण्यावर उभं असेल तर? बीपीची गोळी घेतली की नाही तेही आठवेना.

काल पुन्हा बोलावणं होतं. डायरेक्टर म्हणजे नातीच्या वयाची मुलगी. पडद्यावर म्हातारी घराला कुलूप लावून निघते. मुलगी म्हणाली, ‘नानाजी, ये वाला खाली.’ आयुष्यात पहिल्यांदा मी विचारलं, ‘खाली मतलब? नीचे वाला, या कुछ नहीं वाला?’

‘आपको जो लगे.’

मी भाता बंद केला. हात मांडीवर ठेवले. कुलूप खटकलं, चपला वाजल्या, लांब कुठेतरी एक सायकल गेली. प्रसंग चांगला होता. माझ्यावाचून चांगला होता. ‘बस, यही चाहिए था,’ मुलगी म्हणाली आणि सगळ्यांना चहा सांगितला. चहा मी निम्मा प्यालो. स्वीडनवाला चहा पूर्ण पीत असेल.

हे पत्र टाकायला पेटी नाही, आणि असती तरी मी ते खिशातच ठेवलं असतं. तुम्ही पहिल्यांदा हेच विचाराल, की बे, मग तू बसून काय करून राहिला होता? त्या डायरेक्टर मुलीला हे कळू देऊ नका, पण ओठ मिटून, माईककडे पाठ करून, मी पूर्ण वेळ तो डावीकडचा सूर गळ्यात धरून होतो.