सिन्स २००४

मी, ललिता बुधाजी तेलगोटे, वय ४६, धर्म बौद्ध, व्यवसाय इंग्रजीचा खाजगी क्लास, राहणार जुन्या जिनिंगमागची गल्ली, अकोला, हा लेख स्वतःच्या हाताने लिहिते आहे. माझी बुद्धी शाबूत आहे. हृदय तेवढे शाबूत नाही. त्याची एक झडप बदलण्यासाठी पुढच्या महिन्यात नागपूरला माझे ऑपरेशन आहे. डॉक्टर म्हणतात, काळजी करू नका. वकील रागिणी काळमेघ म्हणतात, काळजी करू नका, पण लिहून ठेवा. मी दोघांचेही ऐकते आहे. मला कोणी दटावलेले नाही की गोड बोलून भुलवलेले नाही. भुलवायला कोणी आले असते तर त्याला मी आधी बाकावर बसवून एक वाक्य करायला लावले असते.

१. गेल्या डिसेंबरात मी एक मृत्युपत्र केले होते. ते या लेखाने रद्द समजावे. त्यात माझा मोठा भाऊ किशोर याचे नाव एकदाच होते, आणि तेही "यास काहीएक देऊ नये" या वाक्यात. ते वाक्य मी का लिहिले आणि का काढते आहे, हे पुढे येईल. माझ्या मागे कोणी म्हणू नये की ललिताचे डोके फिरले होते.

२. माझ्या मालकीचे राहते घर, पुढची मोठी खोली, मागची खोली, स्वयंपाकघर आणि अंगण. हे घर आमचे वडील बुधाजी यांनी जिनिंगमध्ये कापसाच्या गाठी बांधून, १९८३ साली उभे केले. पुढे आम्ही मोठे झाल्यावर त्यांनी किशोरदादाला अमरावतीला प्लॉट घेऊन दिला आणि हे घर रजिस्टर करून माझ्या नावावर केले. लग्न न झालेल्या मुलीच्या नावावर घर कशाला, असे तेव्हा गल्लीत पुष्कळांना वाटले. बाबांना वाटले नाही. हे संपूर्ण घर मी किशोरदादाची मुलगी दीक्षा हिला देते. चार वर्षांपासून ती अमरावतीहून येऊन इथे राहते आणि क्लासमधल्या लहान मुलांना शिकवते. माझ्यापेक्षा चांगले शिकवते, कारण ती कमी रागावते. अट एकच. पुढच्या खोलीत क्लास चालू राहावा. भाड्याने, विकत किंवा प्रेमाने, कोणत्याही मार्गाने त्या खोलीचे मोबाइलचे दुकान होऊ नये. तशी विचारणा दोनदा झाली आहे आणि विचारणारे पुन्हा येतील.

३. दारावरचा बोर्ड. पिवळ्या पत्र्यावर लाल अक्षरे: "तेलगोटे इंग्लिश क्लासेस, सिन्स २००४." हा बोर्ड काढू नये, बदलू नये, त्यावर माझा फोटो लावू नये.

किशोरदादा पेंटर आहे. आज तो अमरावतीत इमारती रंगवतो, तेव्हा दुकानांच्या पाट्या आणि गाड्यांच्या नंबरप्लेटा करायचा. मी एका खाजगी शाळेतली नोकरी सोडून क्लास काढला तेव्हा बाबांनी त्याला बोर्ड करायला सांगितले. त्याने केला. क्लासच्या पहिल्या दिवशी, पहिला मुलगा यायच्या आधी, त्यावर सिन्स होते.

मी म्हटले, "दादा, क्लास आजच सुरू होतोय. यात सिन्स कसलं?"

तो ब्रश रॉकेलमध्ये बुडवत म्हणाला, "बोर्डाले सिन्स लागतेच. मिठाईवाला लावते, टेलर लावते, सोनार तर आधी तेच सांगते. मले का समजते त्यातलं? आज नवं दिसून राह्यलं, मंग जुनं होईन."

एवढ्यावर थांबला असता तर बरे झाले असते. शिडीवरून उतरताना म्हणाला, "सहा महिन्यात उतरवाले मीच येतो. त्याचे पैसे नाही घेत."

बाबा हसले. मी हसले नाही. हे वाक्य मी एकवीस वर्षे सांभाळले, आणि डिसेंबरातले मृत्युपत्र त्यातूनच आले.

४. आता त्या शब्दाबद्दल, कारण क्लास त्याच्यावर चालला. पहिल्याच आठवड्यात धामणगाव रेल्वेचा स्वप्निल नावाचा मुलगा, इथे मामाकडे राहून शिकणारा, दारात उभा राहून म्हणाला, "मॅडम, सिन्स म्हंजे काय?" मी धडा बाजूला ठेवला. त्याला सांगितले ते अजूनही प्रत्येक नव्या तुकडीला सांगते आणि दीक्षानेही सांगावे. किती वेळ झाला, हे हा शब्द विचारत नाही. कुठून सुरू झाले, ते विचारतो. "दोन तासांपासून वाट पाहतोय" याला आपल्याकडे सगळे सिन्स लावतात, मी स्वतः कॉलेजात लावायचे. तिथे तो बसत नाही. त्याला एखादी जागा द्यावी लागते: एक सकाळ, एक साल, एक लग्न, एक पूर. शिवाय जे संपून गेले त्याच्याशी त्याचे जमत नाही. जे तेव्हा सुरू झाले आणि आज चालू आहे, त्याचाच तो. त्याचा आणखी एक अर्थ आहे, कारण सांगण्याचा. कायद्याच्या कागदांतल्या "ज्याअर्थी"सारखा. तो मी दहावीनंतर शिकवते. आधी प्रत्येकाने आपली सुरुवात शोधावी.

म्हणून रीत पडली. क्लासला येणाऱ्या प्रत्येकाने घरी विचारून आपल्या घराचे एक वाक्य आणायचे आणि मागच्या भिंतीवर ऑइलपेंटने लिहायचे. बाप अमुक सालापासून जीप चालवतो. आजी लग्न झाल्यापासून निंदायला जाते. आम्ही १९५६ पासून बौद्ध आहोत, हे वाक्य तर इतक्या हस्ताक्षरांत आले की मी पोरांना म्हटले, घरचे आणखी काही विचारा. तरी ते लिहीत राहिले. बरे केले. लोक या क्लासला सिन्स क्लास म्हणतात, रिक्षावाल्यालाही तेच सांगावे लागते. याचा मला अभिमान आहे आणि तो लपवण्याचे या कागदात काही कारण दिसत नाही.

५. समोरच्या पंचफुलाकाकू इंगळे यांना माझी आरामखुर्ची द्यावी. त्या रोज संध्याकाळी अंगणात येऊन म्हणतात, "तुह्या पोट्ट्यायचं आइकू आइकू माहा नातू झोपेतही सिन्स म्हनते. अन् तुह्या लग्नाचं मी कवापासून सांगून राहिली, ते नाही आइकत." आणि मग क्लास सुटेपर्यंत बसतात. आता आरामात बसून ऐकावे.

६. ज्या शाळेतून मी बाहेर पडले तिने पुढे मला बोलावून एक सन्मानचिन्ह दिले. त्याच चालकांनी मला पूर्वी सांगितले होते की तुमचे इंग्रजी ठीक आहे, पण त्याला वऱ्हाडचा वास येतो. ते सन्मानचिन्ह जड आहे. वारा सुटला की पुढच्या खोलीचे दार आपटू नये म्हणून मी ते लावते. त्याने तेच काम करावे. दुसऱ्या कोणत्याही जागी शोभेला ठेवू नये.

७. बँकेतील ठेवीतून माझ्या उपचारांचा खर्च जाऊन जे उरेल ते क्लासच्या विजेसाठी आणि पंख्यांसाठी. शब्दकोश, फळा आणि बाक दीक्षाचे. साड्या तिला नको असतील तर तिने संकोच करू नये.

८. मागची भिंत. हा या लेखाचा मुख्य मजकूर आहे.

बाबा निवृत्त झाल्यावर शेवटच्या बाकावर येऊन बसू लागले. एक दिवस म्हणाले, "मले नाही का वाक्य?" आम्ही दोघांनी मिळून ते केले आणि त्यांनी गाठींवर नंबर टाकायच्या सवयीने मोठ्या अक्षरात लिहिले: "आय हॅव बीन इन धिस हाऊस सिन्स १९८३." मी १९८३ पासून या घरात आहे. ते गेल्यावर एका मुलीने विचारले, आता हे वाक्य बदलायचे ना मॅडम? व्याकरणाने तिचे बरोबर होते. मी नाही म्हटले.

एप्रिलच्या सुरुवातीला मी तपासण्यांसाठी नागपूरच्या दवाखान्यात होते. परत आले तर घराला रंग दिलेला. जयंतीच्या आधी आमच्या सगळ्या वस्तीत घरे रंगतात, पण माझ्या घरात त्या भिंतीला कोणी कधी हात लावलेला नव्हता. किशोरदादाने अमरावतीहून येऊन तिला पांढरा रंग दिला होता. एकवीस वर्षांतल्या मुलांची वाक्ये पुसली गेली.   जयंती येईपर्यंत मी त्याच्याशी बोलले नाही. डिसेंबरातला कागद मी बरोबर लिहिला, असे मनाशी म्हणत राहिले.

जयंतीला तो पांढरे कपडे घालून आला, वंदना झाली, आणि मी विचारले, "दादा, काहून केलं तू हे?"

"भिंत भरली होती वं लली. मागच्या साली नव्या पोट्ट्यायनं दारामागं लिहिलं, दिसत बी नाही. तू नसली तं पुढचे कुठं लिहितीन? मी तेच पाहून राह्यलो होतो."

"अन् जुने?"

"ते हायेत ना. फोन कर, येतीन, पुन्हा लिहितीन. आता त्यायचं काई नवं असंन." मग त्याने मला भिंतीच्या खालच्या कोपऱ्यापाशी नेले. बाक पुढे ओढलेला होता म्हणून मला दिसले नव्हते. तिथे हातभर पट्टी जुन्याच पिवळट रंगाची होती. कडेने त्याने कागदाची पट्टी लावून काढलेली सरळ रेघ. आत बाबांचे वाक्य, एकही अक्षर न दुखावता.

"हे नाही पुसलं," तो म्हणाला. "बाबा कुठून येतीन पुन्हा लिव्हाले?"

त्या दुपारपासून फोन गेले. मुले आली. स्वप्निल आला. बापाच्या हमालीचे साल जिथे लिहिले होते तिथे त्याने स्वतःचे लिहिले, रेल्वेचे इंजिन चालवायला लागल्याचे. पिंकी परतवाड्याहून आली, ती तिथे नर्स आहे. मोर्शीहून एक जण संत्री घेऊन आला आणि बायकोलाही वाक्य लिहायला लावले. बहुतेकांची सालं बदलली होती. मी बाकावर बसून नुसते वाचत होते. एवढे चांगले इंग्रजी मी आयुष्यात एका जागी वाचलेले नाही, आणि चुकांसकट म्हणते आहे.

म्हणून अशी व्यवस्था करते. दर वर्षी जयंतीच्या आधी ही भिंत किशोरदादाने रंगवावी. बाबांची पट्टी सोडून. त्याच्यानंतर तो ज्याला शिकवील त्याने. दर वर्षी नव्यांनी लिहावे आणि जुन्यांनी येऊन पुन्हा लिहावे. माझे वाक्य भिंतीवर नाही, ते दारावर आहे.

९. मी गेल्यास अंत्यविधी बौद्ध पद्धतीने, साधा. क्लासला सुट्टी एकाच दिवसाची.

१०. साक्षीदारांविषयी. भिंतीचे कलम वाचून किशोरदादाने विचारले, "मले देऊन राह्यली का काई?" रागिणीताई म्हणाल्या, ज्याला काही मिळते त्याने शक्यतो साक्षीदार होऊ नये. पण हे काम आहे, मिळकत नाही, तेव्हा तुम्ही ठरवा. तो म्हणाला, "मंग ठीक. काम मले चालते. मले काई लिहू नको, मले सही करू दे." मी आणखी काही लिहिलेले नाही. साक्षीदार मला कधीपासून ओळखतात, हे प्रत्येकाने स्वतःच्या हाताने लिहावे, असे रागिणीताईंनी सांगितले आहे.

ठिकाण: अकोला
तारीख: २६ एप्रिल २०२६

लिहून देणार: ललिता बुधाजी तेलगोटे (सही)

आम्हा दोघांच्या समोर यांनी सही केली आणि यांच्या समोर आम्ही करत आहोत.

साक्षीदार पहिली: पिंकी श्रावण खंडारे, नर्स, राहणार परतवाडा (सही)
ओळख कधीपासून: जून २००८. पहिला बाक.

साक्षीदार दुसरा: किशोर बुधाजी तेलगोटे, पेंटर, राहणार अमरावती (सही)
ओळख कधीपासून: सिन्स बर्थ. मी पाच वर्षांचा होतो. बाबांनी माझ्या मांडीवर दिली.